चौथ्या मजल्यावरचा करवानी: गोरेगावातील एका शिकारी कुत्र्याचे प्रकरण

हे प्रकरण गोरेगाव पूर्वेतील एका सहकारी गृहनिर्माण सोसायटीतले आहे. कुटुंबाची ओळख पटू नये म्हणून कुत्र्याचे नाव आणि घरचे काही तपशील बदलले आहेत. घटनांचा क्रम आणि घेतलेले निर्णय मात्र जसे होते तसेच ठेवले आहेत. श्वानवर्तन सल्लागार म्हणून माझा या कुटुंबाशी संबंध त्यांच्या कुत्र्याने आवारातले एक मांजर मारल्यानंतर आला, त्यामुळे त्याआधीचा भाग कुटुंबीयांच्या सांगण्यावर आणि पशुवैद्यकांच्या नोंदींवर आधारलेला आहे.

पार्श्वभूमी

कुटुंब चौघांचे: निवृत्त आजोबा, नोकरी करणारे पती-पत्नी आणि आठवीत शिकणारी मुलगी. घर चौथ्या मजल्यावर, दोन खोल्या आणि हॉल, सगळीकडे गुळगुळीत लाद्या. कुत्रा पाळण्याची इच्छा मुलीची होती, पण कोणता पाळायचा हे वडिलांनी ठरवले. ऑगस्ट २०२० मध्ये पंतप्रधानांनी ‘मन की बात’मधून देशी जातींचे कुत्रे पाळण्याचे आवाहन केले, तेव्हा मुधोळ हाउंडचे नाव घरोघर पोहोचले, त्याआधी २००५ मध्ये टपाल खात्याने याच जातीवर तिकीट काढले होते. आजोबांचे गाव लातूर जिल्ह्यातले. तिकडे वस्तीवर करवानी कुत्री त्यांनी लहानपणापासून पाहिली होती. देशी जात, गावाशी नाते आणि पाणीदार रूप, या तिन्ही गोष्टी जुळून आल्यामुळे पर्यायांचा विचार फारसा झालाच नाही.

करवानी म्हणजेच केनेल क्लबच्या नोंदीतला कारवान हाउंड, आणि मुधोळचा कुत्रा हाही त्याच घडणीचा. मुधोळ संस्थानचे राजे मालोजीराव घोरपडे यांनी या कुत्र्यांची पैदास जोपासली आणि इंग्लंडच्या पाचव्या जॉर्जला एक जोडी भेट दिली, ही गोष्ट या जातीच्या चाहत्यांना पाठ असते. लांब निमुळते डोके, खोल छाती, आत ओढलेले पोट, उंच पाय, अंगावर तोकडे केस आणि चरबी जवळजवळ नाही. हा कुत्रा प्रामुख्याने वासावर नव्हे, तर नजरेवर शिकार करतो. उघड्या माळावर ससा हलला की विचार करण्याआधी धावायचे, यासाठीच पिढ्यान्‌पिढ्या त्याची निवड झालेली आहे. सशाची शिकार वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ नुसार गुन्हा आहे. तरीही या पिल्लाचे आईबाप शिकारीला पळवले जात होते, हे कुटुंबाला बऱ्याच उशिरा कळले.

पिल्लू दोन महिन्यांचे असताना आले. त्याला आपण बाजी म्हणू. पहिले काही महिने सुखाचे गेले. करवानी घरात असताना आश्चर्य वाटावे इतका झोपतो, भुंकतो कमी, परक्याशी अंतर ठेवून वागतो. त्यामुळे लॅब्राडोरपेक्षा हा बरा, असे शेजारीही म्हणू लागले. एकच तक्रार सतत येई: “याला उपाशी ठेवता का हो?” शेवटच्या दोन-तीन बरगड्या दिसणे या जातीत निरोगीपणाचे लक्षण असते, हे लिफ्टमध्ये भेटणाऱ्या प्रत्येकाला समजावून सांगता सांगता आजोबांचा जीव मेटाकुटीला येत असे.

अडचण कशी वाढत गेली

सहाव्या महिन्याच्या सुमारास बाजी खिडकीच्या ग्रिलवर बसणाऱ्या कबुतरांकडे तासन्‌तास पाहू लागला. घरच्यांना ते मजेशीर वाटले, आणि मुलीने त्याचे व्हिडिओही काढले. वास्तविक हा पहिला इशारा होता. शिकारीच्या वागण्याची एक साखळी असते: हेरणे, नजर खिळवणे, दबा धरणे, पाठलाग, पकड आणि मारणे. निरनिराळ्या कामांसाठी पैदास करताना माणसाने या साखळीतल्या निरनिराळ्या कड्या वाढवल्या किंवा बोथट केल्या. मेंढपाळांच्या कुत्र्यांत नजर आणि दबा उरला, पकड कमी झाली. नजरेवर शिकार करणाऱ्या कुत्र्यांत मात्र पाठलाग सर्वांत प्रबळ आहे आणि त्याच्या पुढच्या कड्याही शाबूत आहेत. रोज तीन-चार तास कबुतरांवर नजर खिळवणारा कुत्रा करमणूक करून घेत नसतो. तो साखळीच्या पहिल्या दोन कड्यांचा सराव करत असतो.

नवव्या महिन्यात बाजी रस्त्यात मांजर दिसले की हिसके देऊ लागला. वडिलांचे निदान सरळ होते: कुत्रा शिकारी आहे, ताकद जास्त आहे, दमवला की शांत होईल. पहाटे पाच वाजता ते त्याला सायकलला बांधून आरेच्या रस्त्याने पळवू लागले, आणि काही दिवसांनी रस्ता सामसूम असल्याचे पाहून पट्टा सोडूही लागले.

या उपायात तीन दोष होते. पहिला शरीराचा. वर्षाच्या आतल्या मोठ्या चणीच्या कुत्र्याची हाडे अजून वाढत असतात आणि डांबरी रस्त्यावरची एकसुरी लांब दौड त्यांच्या सांध्यांना मानवत नाही. शिवाय हा कुत्रा मुळात थोड्या अंतरात जीव तोडून धावणारा आहे, मैलोन्‌मैल रेटणारा नाही. दुसरा दोष जागेचा. आरे आणि संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या परिसरात बिबट्यांचा वावर आहे आणि त्यांच्या आहारात कुत्र्यांचा वाटा मोठा आहे. पहाटेच्या अंधारात तिथे कुत्रा मोकळा सोडणे म्हणजे तो गमावण्याची तयारी ठेवणे होय. तिसरा दोष सर्वांत महत्त्वाचा. रोजच्या दौडीने बाजीचा दम वाढला, गरज कमी झाली नाही. वाटेत पाड्यांवरच्या कोंबड्या, मांजरे, क्वचित माकडे दिसत आणि त्यांच्यामागे तो सुसाट सुटे. पाठलाग हे या कुत्र्यासाठी स्वतःच बक्षीस असते. शिकार हाती लागली नाही तरी ते मिळालेले असते. वडील त्याला दमवत होते असे त्यांना वाटत होते, प्रत्यक्षात ते त्याला रोज पहाटे पाठलागाचा सराव देत होते.

सप्टेंबरमधील घटना

एका संध्याकाळी आई बाजीला फिरवून परत आणत होती. वॉचमनच्या केबिनशेजारी उभ्या असलेल्या स्कूटरखालून एक मांजर बाहेर आले आणि बाजी दिसताच पळाले. बाजीने आधी पुढे झेप घेतली, मग हिसका देऊन डोके मागे खेचले, आणि बंद बकलाचा पट्टा कानांवरून सुटून आईच्या हातात राहिला. करवानीचे डोके मानेपेक्षा फारसे रुंद नसते, किंबहुना पुष्कळदा अरुंदच असते, त्यामुळे साधा गोल पट्टा त्याच्या गळ्यात दिसायला घट्ट असला तरी उलट्या हिसक्यात सरकतो. पुढचे सगळे काही सेकंदांत झाले. मांजर दवाखान्यात नेण्याआधीच दगावले. बाजीच्या नाकावर ओरखडे होते. पशुवैद्यकांनी जखम साबणपाण्याने धुऊन, लसीकरण वेळेवर झालेले असूनही, रेबीजची वाढीव मात्रा दिली.

मांजर कोणाचेच नव्हते, पण तळमजल्यावरच्या काकू त्याला तीन वर्षे दोन वेळा जेवू घालत होत्या. त्यांनी कमिटीकडे लेखी तक्रार केली. दोन सदस्यांनी तर इमारतीत कुत्रे पाळण्यावर बंदी घालणारा ठराव वार्षिक सर्वसाधारण सभेत आणण्याची भाषा सुरू केली.

समोर असलेले पर्याय

माझी पहिली भेट या टप्प्यावर झाली. घरातले चार जण चार दिशांना होते.

आजोबांचे म्हणणे होते की कुत्रा गावी परत पाठवावा. ज्याच्याकडून पिल्लू आणले तो घ्यायला तयारही होता. हा पर्याय वरवर समंजस दिसतो आणि पुष्कळ शहरी कुटुंबे तोच स्वीकारतात. पण तिकडे बाजी पुन्हा सशामागे पळवला जाणार हे उघड होते, आणि फ्लॅटमध्ये वाढलेल्या, रस्त्यावरच्या कुत्र्यांच्या टोळीशी कधी गाठ न पडलेल्या कुत्र्याचा निभाव लागणेही कठीण होते. कर्जतजवळ ओळखीच्यांचे फार्महाऊस होते, तेथे शेळ्या आणि कोंबड्या होत्या. एवढे ऐकूनच तो पर्याय बाजूला ठेवला.

एका प्रशिक्षकाने विजेचा झटका देणारा पट्टा सुचवला होता: मांजर दिसले, कुत्र्याने कान टवकारले की झटका. याला मी स्पष्ट विरोध केला. पाठलागाच्या भरात असलेल्या कुत्र्याला सौम्य झटका जाणवतही नाही, आणि जाणवेल इतका तीव्र दिला तर ती वेदना तो मांजराशी, शेजारी उभ्या असलेल्या मुलाशी किंवा इमारतीच्या फाटकाशी जोडू शकतो. ज्या कुत्र्याने आजवर माणसावर गुरगुर केलेली नाही, त्याला ती शिकवण्याचा हा खात्रीचा मार्ग आहे.

नसबंदीचा आग्रह आईचा होता, कारण तिला कोणीतरी ‘मग तो शांत होईल’ असे सांगितले होते. नसबंदीची इतर कारणे असू शकतात, पण शिकारीची ओढ हार्मोनवर चालत नाही. शिवाय या घडणीच्या कुत्र्यांना भूल देताना काळजी घ्यावी लागते. अंगात चरबी कमी असल्याने शरीर लवकर थंड पडते, आणि थायोपेंटोन हे भुलीचे जुने औषध ग्रेहाउंडसारख्या कुत्र्यांच्या शरीरातून फार सावकाश उतरते. कुटुंबाच्या पशुवैद्यकांना हे ठाऊक होते. त्यांनीच वाढ पूर्ण होईपर्यंत थांबायला सांगितले, आणि तो प्रश्न तेवढ्यापुरता मिटला.

उरलेला पर्याय सर्वांत कंटाळवाणा होता: कुत्रा घरीच ठेवायचा, त्याला चूक करण्याची संधीच मिळणार नाही अशी रोजची व्यवस्था लावायची, आणि पाठलागाची भूक नियमांच्या चौकटीत भागवायची. हा पर्याय निवडण्यापूर्वी मी कुटुंबाकडून एक गोष्ट लिहून घेतली. बाजीने माणसावर दात काढला, किंवा तीन महिन्यांत मांजर समोर असताना त्याला मागे वळवता येण्याची काहीच चिन्हे दिसली नाहीत, तर त्याच्यासाठी दुसरे योग्य घर शोधायचे. थांबायचे कधी हे आधीच ठरलेले नसेल, तर अशा घरांत प्रत्येक वाईट दिवशी तोच वाद नव्याने होतो.

प्रत्यक्षात काय केले

सुरुवात पट्ट्यापासून केली. ओढ बसताच ठरावीक मर्यादेपर्यंत आवळणारा, पण गळा न दाबणारा रुंद मार्टिंगेल पट्टा एका चामड्याच्या कारागिराकडून मापाने शिवून घेतला, आणि त्याच्या जोडीला पोटाच्या मागच्या बाजूने तिसरा बंद असलेला हार्नेस, म्हणजे छाती-पोटाभोवती बांधायचा साज, घेतला. दोर दोन्हींना अडकवलेला असे, म्हणजे एक सुटला तरी दुसरा हातात राहील. इमारतीच्या आवारात जाळीदार मुसके लावायचे ठरले. त्यात तोंड उघडून धापा टाकता येतात, पाणी पिता येते. मुंबईच्या दमट हवेत हे फार महत्त्वाचे, कारण कुत्रा अंगातली उष्णता मुख्यतः धापा टाकूनच बाहेर काढतो. मुसक्याची सवय लावायला दोन आठवडे गेले. रोज त्यात दहीभात चाटायला ठेवत गेलो आणि मगच एके दिवशी बंद लावला.

आरेची दौड बंद झाली. तिच्या जागी काय, हा वडिलांचा प्रश्न रास्त होता. उत्तर मुंबईतच सापडले. चारही बाजूंनी आणि वरूनही जाळी असलेली क्रिकेट-फुटबॉलची टर्फ मैदाने उपनगरांत जागोजागी आहेत आणि भल्या सकाळी ती रिकामी असतात. घराजवळच्या एका टर्फवाल्याने, जागा स्वच्छ करून देण्याच्या अटीवर, आठवड्यातून दोनदा अर्धा तास कमी भाड्यात देण्याचे कबूल केले. ऊन चढल्यावर कृत्रिम गवत चटके देण्याइतके तापते, म्हणून सातच्या आत यायचे आणि निघायचे. तेथे लांब काठीला दोरी आणि दोरीच्या टोकाला चिंधी बांधून पाठलागाचा खेळ सुरू केला. नियम चार: थांब म्हटल्यावर थांबायचे, सुट म्हटल्यावरच सुटायचे, चिंधी पकडू द्यायची, आणि सोड म्हटल्यावर खाऊच्या बदल्यात सोडायची. पकडू देणे आवश्यक असते. कधीच हाती न लागणाऱ्या चिंधीमागे पळवलेला कुत्रा अधिकच बेभान होतो. खेळ काही मिनिटांचाच असे, आणि जेवण त्यानंतर निदान तासाभराने, कारण खोल छातीच्या कुत्र्यांत भरल्या पोटी धावल्यास पोट फुगून पीळ पडण्याचा धोका नाकारता येत नाही.

मांजराचे काम मात्र जिन्यात झाले. दुसऱ्या मजल्यावरच्या जिन्याला जाळी लावलेली खिडकी आहे आणि तेथून पार्किंग दिसते. बाजी तेथे उभा राहून खाली मांजर पाही. कान पुढे, तोंड मिटलेले, एक पुढचा पाय किंचित उचललेला, आणि अजून झेप नाही: नेमक्या त्या क्षणी मुलगी “बघितलं” म्हणे आणि उकडलेल्या कलेजीचा तुकडा त्याच्या नाकाशी धरी. अंतर योग्य आहे की नाही हे तो तुकडा कसा घेतो यावरून कळत असे. ओठांनी अलगद घेतला तर ठीक. बोटांना दात लागले तर आपण फार जवळ आलो आहोत, पुन्हा एक मजला वर जायचे. घेतलाच नाही तर त्या दिवशीचे काम संपले. मुलीची बोटे या मोजमापात माझ्यापेक्षा लवकर तयार झाली. महिन्याभरात “बघितलं” ऐकताच बाजी स्वतः मान वळवू लागला, आणि मग आम्ही पहिल्या मजल्यावर, त्यानंतर आवारात दुहेरी दोरासह उतरलो.

घरातल्या बाबी लहान, पण त्यांचा परिणाम मोठा. खिडकीच्या खालच्या अर्ध्या काचेला दुधी कागद लावला, कबुतरांचा कार्यक्रम बंद झाला. घसरणाऱ्या लाद्यांवर रबरी पाठीच्या सतरंज्या आल्या. पावसाळ्यात बाहेर पडणे अवघड असते आणि साचलेल्या पाण्यातून लेप्टोस्पायरोसिसचा धोका असतो, तेव्हा लस वेळेवर घेऊन फिरणे छोटे केले आणि अंड्यांच्या रिकाम्या ट्रेमध्ये, जुन्या खोक्यांमध्ये चपातीचे तुकडे लपवून हुंगायचे खेळ लावले. नजरेच्या कुत्र्यालाही नाक असतेच, आणि नाकाने काम करताना तो लक्षणीय शांत राहतो.

सोसायटीचा प्रश्न

भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाच्या २०१५ च्या मार्गदर्शक सूचनांनुसार सोसायटीला बहुमतानेही पाळीव प्राण्यांवर बंदी घालता येत नाही, आणि मुसक्याची सक्तीही करता येत नाही. वडील ते परिपत्रक छापून सभेत फडकवायच्या तयारीत होते. माझ्या मते या प्रकरणातला सर्वांत निर्णायक क्षण हाच होता. कायदा त्यांच्या बाजूने होता, पण मांजर त्यांच्याच कुत्र्याने मारले होते, आणि ज्या बाईचे ते लाडके होते तिला परिपत्रक दाखवणे म्हणजे जखमेवर मीठ चोळणे ठरले असते. आईने ते ओळखले. सभेच्या आधी ती एकटी काकूंकडे गेली, माफी मागितली, आणि उरलेल्या मांजरांच्या नसबंदीचा खर्च उचलायची तयारी दाखवली. त्या भेटीत काकू फारसे बोलल्या नाहीत. सभेत मात्र बंदीच्या ठरावाला त्यांनी पाठिंबा दिला नाही आणि तो बारगळला.

त्यानंतर व्यवहाराचे ठरले. मांजरांना खायला मागच्या फाटकाशी, ठरलेल्या दोन वेळांना. त्या अर्ध्या तासात बाजी खाली येणार नाही. आवारात मुसके आणि दुहेरी दोर कुटुंब स्वतःहून वापरील. महापालिकेचा कुत्र्याचा परवाना आणि लसीकरणाचा दाखला यांच्या प्रती सेक्रेटरींकडे दिल्या. वॉचमनला सगळ्यात आधी सांगायला हवे होते ते शेवटी सांगितले गेले. स्कूटरखाली मांजर बसले आहे की नाही हे इंटरकॉमवरून कळवणारा तोच एक माणूस होता.

निष्पत्ती

आज बाजी अडीच वर्षांचा आहे आणि त्याच घरात आहे. दहा-बारा पावलांवर मांजर असताना तो पाहतो, वळतो आणि पुढे चालतो. तीन पावलांवरून ते पळाले तर अजूनही झेपावतो, आणि हे बदलेल असे मी कुटुंबाला कधीही सांगितलेले नाही. मोकळ्या जागी त्याला सोडले जात नाही. टर्फच्या जाळीत अडकलेले एक कबुतर त्याने मारले, तेव्हापासून आत सोडण्यापूर्वी जाळीला फेरी मारून पाहण्याची पद्धत पडली आहे. माणसांशी त्याचे वागणे पूर्वीइतकेच निरुपद्रवी आहे. काकू आईशी बोलतात, वडिलांशी बोलत नाहीत.

वेगळे काय करता आले असते

पिल्लू घेताना आईबापांचे काम विचारायला हवे होते. शेतावर राखणीला असलेल्या जोडीचे पिल्लू आणि सशामागे पळवल्या जाणाऱ्या जोडीचे पिल्लू यांत फरक पडण्याची शक्यता असते, आणि विकणारा ते सहसा अभिमानाने सांगतो, विचारले तर. पिल्लू तीन ते बारा-चौदा आठवड्यांचे असताना त्याची शांत, धीट मांजराशी सुरक्षित ओळख करून दिली असती, तर घरच्या एखाद्या मांजराला तो कदाचित कुटुंबातले मानू शकला असता. पळत्या अनोळखी मांजराबाबत मात्र तेवढ्याने भागले असते असे मला वाटत नाही. कबुतरांकडे टक लावण्याच्या टप्प्यावर कोणाचा सल्ला घेतला असता तर पुढचे काम निम्म्याने हलके झाले असते.

जातीच्या निवडीबाबत मतभेद होऊ शकतात. देशी जाती टिकाव्यात हे मलाही मान्य आहे, आणि करवानी मुंबईच्या उन्हाला हस्कीपेक्षा कितीतरी अधिक जुळणारा आहे. पण त्याचे देशीपण माळावरचे आहे. पार्किंग, लिफ्ट आणि तळमजल्यावरची मांजरे यांत त्याला राहावयाचे असेल तर दोराच्या या टोकाला असलेल्या माणसाला वर्षानुवर्षे डोळ्यांत तेल घालून वावरावे लागते, आणि या घरात ते ओझे मुख्यतः आईवर आणि मुलीवर पडले. सायकलची हौस वडिलांची होती. जिन्यातल्या खिडकीशी उभे राहण्याचे काम त्यांनी क्वचितच केले. कामाची वाटणी पहिल्याच बैठकीत नावानिशी लिहिली गेली असती तर बरे झाले असते, असे आई आजही म्हणते.

नसबंदी अजून झालेली नाही. दुसरा कुत्रा आणल्यास बाजीला सोबत होईल का, असे कुटुंबाने अलीकडे विचारले. दोन करवानी एकत्र आले की ते जोडीने शिकार करतात, तेव्हा तूर्त नको, असे मी कळवले आहे. मुलगी पुढच्या वर्षी दहावीला जाईल. टर्फची सकाळची पाळी तेव्हा वडिलांकडे येणार असे ठरले असून, “थांब” आणि “सुट” हे दोन शब्द बाजी त्यांच्या तोंडून मानतो की नाही हे पाहण्यासाठी येत्या महिन्यापासून त्यांचा सराव सुरू होत आहे.